ओठांवरचं लग्न

मिलब्रुक, ओहायो
१० ऑक्टोबर १९१५

प्रिय डेला,

काल तुझा नवा सिनेमा पाहिला. तू विचारायच्या आधीच सांगते, आवडला नाही.

शाळेतल्या मोठ्या मुलींना घेऊन गेले होते. आम्हाला नेहमी सगळ्यात पुढची रांग मिळते. पियानो तिथेच कानाशी असतो, म्हणून ती जागा इतर कोणाला नको असते. आम्हाला काय, पियानो असो की तोफ.

तर एका रिळात एक मुलगी, तिला मागणी घालणारे दोघे, पाय ठणकणारा बाप, बागेतलं बाक, एक पाठलाग, तळ्यात पडणं आणि लग्न. याच्या आधीच्या चित्रातही हेच होतं, फक्त तळ्याऐवजी पिठाचं पिंप होतं. पियानोवालीला एक ग्लास पाणी प्यायलासुद्धा उसंत मिळत नाही, तेवढ्यात तुम्ही प्रेमात पडून संसाराला लागता. एकमेकांना ओळखता कधी?

पण लिहायला बसले ते दुसऱ्याच कारणाने. तो तुझा नायक, केसांना तेल चोपडलेला, बाकापाशी गुडघा टेकतो, छातीवर हात ठेवतो, डोळे आभाळाला लावतो, आणि पडद्यावर अक्षरांची पाटी येते: ‘तुझ्यावाचून जगणं म्हणजे मरण.’ मागे बायकांनी रुमाल काढले. आणि तो खरोखर काय बोलत होता? ‘माझे बूट चावतायत, आणि तू आज पुन्हा कांदा खाल्लायस.’

आमची अख्खी रांग खिदळली. मागच्या बाईने माझ्या खांद्यात बोट खुपसून गप्प बसायची खूण केली. बहिऱ्यांच्या रांगेला.

तुम्हाला वाटतं, आवाज नाही म्हणजे बोलणं नाही. या देशातल्या प्रत्येक गावात पुढच्या रांगेत आमच्यातलं कोणीतरी बसलेलं असतं आणि तुमचा शब्द न् शब्द ऐकतं. यंदापासून आमच्या साहेबांनी शाळेत हातांनी बोलायला बंदी केली आहे. हात खाली ठेवा, ओठ वाचा, म्हणजे चारचौघांत माणसासारखे वावराल, असं त्यांचं म्हणणं. वाचले ओठ. चारचौघांच्या ओठांवर कांदा आहे.

मला राग कशाचा येतो सांगू? बाबांनी चिनीमातीच्या भट्टीपुढे चेहरा भाजून घेत मला कॉलेजात धाडलं. आपल्या घरात पहिली पदवी माझी. तिथे मी एकच गोष्ट मनाशी धरली होती, की बहिरा आणि ऐकणारा कुठेतरी एका पंगतीत बसले पाहिजेत. तशी जागा जगात पहिल्यांदा या पडद्यापुढे तयार झाली. एवढी मोठी गोष्ट माणसाच्या हाती लागली, आणि त्याने तिचं काय केलं? पिठाच्या पिंपात माणूस पाडला.

तब्येत सांभाळ.

तुझी,
ऑगस्टा


जॅक्सनव्हिल, फ्लोरिडा
२१ ऑक्टोबर १९१५

प्रिय ताई,

तुझं पत्र मी सगळ्यांना वाचून दाखवलं. आमचे दिग्दर्शक मि. क्रूल इतके हसले की त्यांचा विग घसरला. म्हणाले, “तुझ्या बहिणीला सांग, पिठाला नावं ठेवायची नाहीत. पीठ कधी उशिरा येत नाही आणि पगारवाढ मागत नाही.”

कांदा मी खाल्ला होता. दुपारच्या जेवणात तळलेला मासा आणि कांदा हेच असतं. रागवायचं काय त्यात? इथे सगळेच कॅमेऱ्यापुढे काहीही बोलतात. ओठ हलले पाहिजेत, एवढंच काम. म्हाताऱ्या बापाचं काम करणारे मि. टिबेट्स रागावण्याच्या दृश्यात आपल्या सासरच्या माणसांची नावं घेतात. म्हणतात, त्याने चेहऱ्यावर बरोबर भाव येतो.

आणि ऐकू तरी कोणाला जातं? नदीकाठी उघड्यावर एकच लांबलचक लाकडी ओटा आहे. त्यावर तीन चित्रं शेजारी शेजारी चालतात. उजवीकडे दरोडा, डावीकडे जहाज बुडतंय, मधे आमचं प्रेम. सुतार ठोकतायत, दरोडेखोर बार काढतायत, मि. क्रूल कर्ण्यातून ओरडतायत, “जवळ घे. अजून जवळ. ती तुझी आत्या नाहीये.” माझ्या कानाशी कोणी बोललं तरी मला कळत नाही. ताई, दिवसभर मीही तुझ्यासारखीच असते.

तेल चोपडलेल्या नायकाचं नाव ऑब्री थॉर्न. तो मला हसवतो. आपल्या गावात मला कोणी हसवलं होतं का? बाबांच्या भट्टीवरची पोरं नाचात पाय तुडवायची आणि माफीसुद्धा बशीला मागितल्यासारखी मागायची. ऑब्री कांद्याचं बोलला तेव्हा मला हसू आवरेना. पडद्यावर जो गोड लाजरा भाव आला, तो त्याच हसण्याचा.

तू येऊन बघ की एकदा इथे. बाक खरंच आहे. तळंसुद्धा.

तुझी,
डेला


मिलब्रुक
७ नोव्हेंबर १९१५

प्रिय डेला,

मि. क्रूल यांना माझा नमस्कार सांग, आणि सांग की पीठ पगार मागत नसलं तरी प्रेक्षकांच्या डोक्यात जाऊन बसतं, ही त्याची खरी किंमत.

पुन्हा एक पाहिलं. या खेपेला दोघे मागणी घालणारे एकमेकांच्या विजारी घालून येतात. तू खिडकीत उभी राहून टाळ्या वाजवतेस. डेला, तू कविता पाठ म्हणायचीस, चर्चमध्ये तुझ्या वाचनाला माणसं मान हलवायची. मला ते ऐकू यायचं नाही, पण त्यांच्या माना दिसायच्या. आणि आता विजारींना टाळ्या.

तुझा ऑब्री चुंबनाच्या आधी म्हणाला, ‘हे उरकलं की खेकडे खायला जाऊ.’ इतपत माझी हरकत नाही. खेकड्यांबद्दल तो प्रामाणिक दिसला.

मी मुलींना विचारलं, शिकायला मिळेल असं काही आणवायचं का? लोखंड कसं ओततात, मधमाश्या पोळं कसं बांधतात? थिओडोरा नावाची माझी एक धीट विद्यार्थिनी आहे. साहेब नाहीत असं बघून तिने टेबलाखालून हातांनी सांगितलं, “मधमाश्यांचे ओठ हलत नाहीत, मिस. आम्हाला डेला हवी.” माझ्या सगळ्या विचारांची ही फलश्रुती.

तू हसवणाऱ्याबद्दल लिहिलंस. एवढंच विचारते: तो हसतो तुझ्याबरोबर की तुला?

ऑगस्टा


जॅक्सनव्हिल
१२ डिसेंबर १९१५

प्रिय ताई,

बस, आणि मग वाच.

ऑब्रीने मला मागणी घातली. खरी, पाटीवरची नाही. नदीकाठी, संध्याकाळी, सुतार घरी गेल्यावर, म्हणजे मला प्रत्येक शब्द ऐकू आला. मी हो म्हटलं.

आणि आता गंमत. मि. क्रूलना ही बातमी कळल्यावर ते टेबलावर चढले. म्हणाले, जानेवारीतल्या चित्राचा शेवट लग्नाचा आहेच, मग खोटं लग्न कशाला? खरा धर्मगुरू आणू, खरी अंगठी, खरं हो. वर्तमानपत्रात आधीच छापून आणू की हेरॉन कंपनीच्या चित्रात अमेरिकेने न पाहिलेली गोष्ट, खरंखुरं लग्न. मी म्हटलं, दृश्य बिघडलं तर? ते म्हणाले, “एकदाच घ्यायचं. लग्नाला दुसरी खेप नसते.” ऑब्रीला कल्पना फारच आवडली. त्याचं नाव आता न्यूयॉर्कपर्यंत जाईल.

आईला आनंद झालाय. बाबांनी मात्र लिहिलंय, “पोरीच्या लग्नाला मला तिकीट काढून बसावं लागणार का?” तू त्यांना समजाव. सगळं गाव एका खोलीत बसून माझं लग्न बघेल, यापेक्षा मोठा मांडव कोणाचा असतो?

तुझ्या प्रश्नाचं उत्तर. माझ्याबरोबर हसतो.

डेला


मिलब्रुक
९ जानेवारी १९१६

प्रिय डेला,

नाताळात मी तुला शुभेच्छा पाठवल्या त्या मनापासून होत्या. मन घट्ट करून दिल्या होत्या, पण खोट्या नव्हत्या. आज मात्र लिहिते ते न लिहिता आलं असतं तर बरं झालं असतं.

काल तुझं बागेतलं चित्र लागलं होतं. शेवटी बाप आपला ठणकणारा पाय धरून ‘सुखी राहा’ म्हणतो, तू धावत जाऊन त्या माणसाच्या मिठीत शिरतेस. तुझी पाठ आमच्याकडे आहे. त्याची हनुवटी तुझ्या टोपीवर. मग तो काळा गोल कडेकडेने मिटत येतो. आधी झाडं जातात, मग बाप, मग तू. शेवटी त्या गोलात एकटं त्याचं तोंड उरतं, आणि ते बोलत असतं. तुझ्याशी नव्हे. त्याचे डोळे कॅमेऱ्याच्या डावीकडे कोणावर तरी होते. चेहऱ्यावर तो स्वर्ग पाहिल्याचा भाव.

तो म्हणाला: ‘जरा धीर धर, राणी. लग्नाचं चित्र गाजू दे. मग न्यूयॉर्कला तू आणि मी. ही कोंबडी कुठे जातेय? दाणे टाकले की येते.’

पाटी आली: ‘दोन जीव, एक श्वास.’

मी मुलींकडे पाहिलं नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांना ठाऊक आहे तू माझी कोण ते. थिओडोराचा हात वर आला, अंगठा आणि बोट ओठांपाशी चोचीसारखं उघडलं, मिटलं. आमच्यात कोंबडीला तसंच म्हणतात. मग तिने तो हात दुसऱ्या हाताने खाली ओढला, जशी चूक तिचीच होती.

तेव्हा हे मी एकटीने वाचलेलं नाही.

या चित्रांचा मला तिटकारा आहे हे तुला माहीत आहे. पण आजवर मला वाटायचं की ती निर्बुद्ध आहेत. ती लबाडसुद्धा आहेत हे काल कळलं. सगळं सभागृह टाळ्या वाजवत होतं.

ते लग्न करू नकोस.

ऑगस्टा


जॅक्सनव्हिल
१७ जानेवारी १९१६

ऑगस्टा,

मला वाटलंच होतं तू काहीतरी शोधून काढशील. बूट झाले, कांदा झाला, खेकडे झाले, आता कोंबडी.

पहिल्या दिवसापासून तुला माझं काम हलकं वाटलं. विजारी, पीठ, तळं. घरात एकटी शिकलेली तू, आणि मी पडद्यावर माकडचेष्टा करणारी. लोक माझ्याकडे बघून हसतात, दिवसभर भट्टीत उकडून आलेली माणसं अर्धा तास हसतात, हे तुझ्या पदवीत बसत नाही. मग माझा नवरा तरी त्यात कसा बसेल?

तूच मला शिकवलं होतंस, की ओठ अर्धे वाचायचे असतात आणि अर्धे जुळवायचे. लालतापात कान गमावून उठल्यावर आरशापुढे तू दिवस दिवस बसायचीस, आणि मी शेजारी बसून तोंडं करायचे. आठवतं? तेव्हाही मी ‘मला भूक लागली’ म्हटलं की तू ‘मला तू नको’ वाचायचीस आणि रडायचीस. तू नेहमी वाईटच जुळवतेस. मुली तुझ्या आहेत, तू वाचशील तेच वाचतील.

तुला कोणी मागणी घातली नाही, हा माझा दोष नाही.

लग्न पाच फेब्रुवारीला आहे. चित्र तुमच्याकडे पोचेल तेव्हा बघ, न बघ.

डेला


मिलब्रुक
२४ जानेवारी १९१६

प्रिय डेला,

खरं आहे. अर्धं जुळवावं लागतं. आणि मी पुष्कळदा वाईट जुळवते, तेही खरं आहे. ज्याला मागून हाक ऐकू येत नाही तो माणूस तसाच होतो. म्हणून माझ्यावर विश्वास ठेवू नकोस.

पण आरशापुढे आपण दोघी बसायचो. तुला कान असूनही तू शिकलीस, कारण तुला माझ्याबरोबर खेळायचं होतं. माझ्याइतकेच ओठ तुलाही वाचता येतात. कंपनीत ज्या खोलीत रिळं लावून बघतात तिथे जा. बागेतल्या चित्राचा शेवट लाव. मिठीत असताना तुला त्याचं तोंड दिसत नव्हतं, आता दिसेल. माझ्या डोळ्यांनी बघू नकोस, रागाने बघू नकोस, प्रेमाने बघ हवं तर. त्यातून जे दिसेल ते तुझं.

मागणीबद्दल. घातली आहे. इथल्या छापखान्यात टाइप जुळवणारे मि. बेल्डन, आमच्यातलेच. बागेतल्या बाकावर, हातांनी. मला हसूच आलं, कारण मागे तळंही होतं. मी विचाराला वेळ मागितला आहे. घरी कोणाला सांगितलेलं नाही.

ऑगस्टा


(छापील कार्ड. वर दोन कबुतरं, खाली फोटोत फुलांच्या कमानीखाली उभं जोडपं.)

हेरॉन कॉमेडी कंपनी आनंदाने कळवते की
मिस डेला प्रुइट आणि मि. ऑब्री थॉर्न
यांच्या आयुष्यातला सर्वांत गोड क्षण
लवकरच आपल्या गावच्या पडद्यावर.


मिलब्रुक
२१ फेब्रुवारी १९१६

प्रिय डेला,

कार्ड मिळालं. पाठीमागे काही लिहिलेलं असेल म्हणून उलटून पाहिलं. सुखी राहा.

ऑगस्टा


क्लेफर्ड, ओहायो
२ एप्रिल १९१६

प्रिय डेला,

मी चार दिवसांसाठी घरी आले आहे. आईचा हट्ट होता की चित्र सगळ्यांनी मिळून बघायचं. मला यायचं नव्हतं. तुझ्या मौनाने मी पुरती चिडले होते, आणि त्या माणसाला तुझ्या बोटात अंगठी घालताना बघायची माझी तयारी नव्हती. पण बाबा भट्टीवरून लवकर आले, मानेपर्यंत घासून अंघोळ केली, चर्चचा कोट घातला. पोरीच्या लग्नाला चाललोय म्हणाले. मग मला नाही म्हणवेना.

अख्खं गाव आलं होतं. भट्टीवरची पोरंही आली होती, ज्यांनी तुझे पाय तुडवले ती. पहिल्या रांगेत आम्ही. आईने माझा हात धरून ठेवला होता.

चित्राबद्दल काय सांगू? नेहमीचंच. यावेळी पाठलागात एक शहामृग होतं. शहामृग कशासाठी होतं ते शहामृगालाही कळलं नसावं. मी कपाळाला हात लावून बसले होते.

मग फुलांची कमान आली. खरे धर्मगुरू, हातात पुस्तक. तो छाती काढून उभा. तू चेहऱ्यावरची जाळी वर केलीस. सगळं सभागृह श्वास रोखून बसलं, हे मला आईच्या हातावरून कळलं.

धर्मगुरूंनी विचारलं. तू मान वर केलीस, इतकं गोड हसलीस की शेजारच्या मिसेस ओग्डेन तिथेच विरघळल्या. आणि तू म्हणालीस: ‘नाही.’

मला वाटलं मी वाईट जुळवलं. मी पुढे वाकले.

‘नाही, महाराज. ऐकलंत ते बरोबर ऐकलंत. नाही.’ हसू तसंच. पापण्या तशाच झुकलेल्या. धर्मगुरूंचं तोंड उघडं राहिलं, पुस्तक खाली आलं. मागे लोकांना वाटलं, त्यांनाही गहिवरून आलं. तो तुझा थॉर्न पुतळ्यासारखा हसत होता, आणि हसण्यातून म्हणत होता, ‘वेड लागलंय का तुला? कॅमेऱ्याचं हँडल चालू आहे. हसत राहा.’ आणि तू त्याचा हात हातात घेऊन, डोळ्यांत डोळे घालून म्हणालीस, ‘हसतेच आहे की. कोंबडीने दाणे ओळखले.’ मग तू रुमाल धरलेला हात ओठांशी नेलास, अंगठा आणि बोट चोचीसारखं उघडलंस, मिटलंस. लोकांना वाटलं नवरी लाजली.

पाटी आली: ‘हो. मरेपर्यंत हो.’

टाळ्यांनी बाकं हादरली, ती मला पायांतून कळली. आई रडत होती. बाबा कोटाच्या बाहीने नाक पुसत होते. आणि मी हसत सुटले. मला माझा आवाज ऐकू येत नाही, पण तो मोठा असावा, कारण मागून तीन-चार बोटं खांद्यात टोचली गेली आणि आईने मला कोपराने ढोसलं. एवढ्या माणसांनी भरलेल्या खोलीत तुझं बोलणं ऐकणारी मी एकटी होते. बाकी सगळे बहिरे.

मग तांदूळ उधळले, तू वळलीस आणि चेहरा सरळ कॅमेऱ्याकडे केलास. सावकाश बोललीस, आरशापुढे बोलायचीस तसं. ‘ताई, हे मी कागदावर कधीच लिहिणार नाही, म्हणून इथे सांगते. तुझं बरोबर होतं. उगाच फुगू नकोस.’

काळा गोल मिटत आला. शेवटी त्यात तुझं तोंड उरलं. ते बोलत नव्हतं. नुसतं हसत होतं.

मी फुगले नाही, डेला. तुझे ओठ नीट वाचायला मी त्याच रात्री दुसऱ्या खेळालाही बसले, कारण पहिल्या वेळी डोळ्यांत पाणी आलं.

आता इथे काय चाललंय ते ऐक. आज सकाळपासून गाव आहेर घेऊन येतंय. सगळा चिनीमातीचा, दुसरं आपल्या गावात काय असणार? मिसेस ओग्डेननी झाकणाचं मोठं सूपपात्र आणलंय, त्यावर कबुतरं. आईला मी काल रात्रीच सगळं सांगितलं, हातांनी आणि तोंडानेही. ती म्हणाली, “मी माझ्या डोळ्यांनी हो म्हणताना पाहिलं.” मी म्हटलं, “ती पाटी होती.” ती म्हणाली, “मग छापील खोटं असतं का?” आता ते सूपपात्र टेबलावर आहे, आणि आई त्याच्याभोवती फेऱ्या मारतेय. परत करावं तर सगळ्या गावाला सांगावं लागेल की त्यांनी पाहिलं ते झालंच नाही, आणि तसं सांगितलं तर कोणी विश्वास ठेवणार नाही. बाबा मात्र सगळं ऐकून म्हणाले, “मग मी उगाच मान घासली.” आणि हसायला लागले ते थांबेनात.

चित्र टाकाऊच आहे. परवा पुन्हा बघणार आहे. मिलब्रुकला लागलं की मुलींना दाखवायचंय, थिओडोराला तर आधी. साहेबांनाही बोलावणार आहे. त्यांना ओठ वाचण्याची एवढी हौस, तर वाचोत.

लिहीशील ना आता?

ताई


जॅक्सनव्हिल
१० एप्रिल १९१६

प्रिय ताई,

लिहिते, पण त्या विषयावर नाही. तो पडद्यावर संपला.

एवढंच सांगते. ‘प्रेमाने बघ’ म्हणणाऱ्या तुझ्या पत्रावर मी दोन दिवस धुमसले आणि तिसऱ्या दिवशी रिळांच्या खोलीत गेले. तुझं खोटं पकडायला गेले होते. यंत्र चालवणाऱ्याला म्हटलं, शेवट पुन्हा लाव. पुन्हा लाव. त्याला वाटलं मी स्वतःच्या मिठीवर खूश आहे. मी प्रेमाने बघितलं, रागाने बघितलं, एक डोळा मिटून बघितलं. कोंबडी ती कोंबडीच. कॅमेऱ्याच्या डावीकडची राणी म्हणजे बुडत्या जहाजाची नायिका, मिस आयोना. तिला विचारलं तर ती म्हणाली, “मलाही तो कोंबडीच म्हणतो, फक्त न्यूयॉर्कची.” तिनेही त्याला नंतर दाराबाहेर काढलं. तो आता एकटाच तिकडे गेलाय.

मी लग्न मोडून निघून जाऊ शकले असते. पण वर्तमानपत्रांत छापून आलं होतं, कमान बांधून झाली होती, आणि ताई, माझं ते सगळ्यात मोठं काम होतं. ते त्याच्यासाठी का बिघडवू? मि. क्रूलना ‘नाही’ ऐकू आलं होतं. ते कर्ण्यातून ओरडले, “थांबवू नका. तिचा चेहरा बघा, चेहरा.” संपल्यावर मला म्हणाले, “लग्न तुझा प्रश्न. चित्र माझं. पडद्यावर लागेपर्यंत घरीसुद्धा एक अक्षर लिहायचं नाही.” मी वचन दिलं आणि पाळलं. अक्षर लिहिलं नाही. बोलायचं नाही असं ते म्हणाले नव्हते.

तुला त्या कार्डानंतर तसं अंधारात ठेवलं, ते मात्र मला बोचलं.

मी इथेच राहतेय. नाक मुरड हवं तर. आता नायक नाही, पाठलागात मी पुढे असते आणि पिठाच्या पिंपात मी पडते. कालच पडले. पीठ नाकात गेल्यावर मी काय बोलले ते जूनमध्ये तुमच्याकडे लागेल. मुलींना तेवढ्यापुरते डोळे मिटायला सांग.

सूपपात्र परत करायचं नाही. ते तू घे. मि. बेल्डनना किती दिवस बाकावर बसवणार आहेस? ज्याच्या हातांवर आणि चेहऱ्यावर एकच गोष्ट असते असा माणूस मी तरी अजून कॅमेऱ्यापुढे पाहिला नाही. त्यांना एकच विचार: कांदा चालतो का?

मी त्या दिवशी, कमानीखाली जायच्या आधी, दोन कच्चे खाल्ले होते.

तुझी,
डेला